बाक वळवले, पण बोललं कोण?

या मालिकेत मागच्या वेळी आपण शिक्षक वर्गात विचारतात त्या प्रश्नांबद्दल बोललो. आज गटचर्चेची पाळी. आधीच सांगून ठेवतो, आज थोडी टीका ऐकावी लागेल. गटचर्चा आम्हाला नको आहे असं मुळीच नाही. तिच्या नावाखाली जे चाललंय ते पाहून राहवत नाही, म्हणून बोलायचं.

आम्ही शिक्षक-प्रशिक्षणात काम करणारी मंडळी. वर्षातले बरेच दिवस आमचे जातात ते मागच्या बाकावर बसून छात्राध्यापकांचे सराव पाठ पाहण्यात. पूर्वी पाठ टाचणात 'अध्यापन पद्धती' या रकान्यात 'कथन, प्रश्नोत्तरे' असं असायचं. आता 'कथन' लिहायला पोरं घाबरतात. २००५ चा राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखडा आला, ज्ञानरचनावाद हा शब्द जिल्हा परिषदेच्या शाळेपर्यंत पोचला, मग २०२० चं राष्ट्रीय शैक्षणिक धोरण आलं, आणि त्या रकान्यात आता 'गटचर्चा', 'जिगसॉ', 'थिंक-पेअर-शेअर', 'फिशबोल' अशी नावं दिसतात. नावं आली हे चांगलंच झालं. वर्गात काय घडतं ते आता बघू.

सातवीचा वर्ग, पट पन्नासच्या पुढे. 'सगळ्यांनी गटात बसा' म्हटल्यावर पाच मिनिटं नुसता बाक ओढल्याचा आवाज. आठ गट, त्यांची नावं गुलाब, मोगरा, जाई, जुई वगैरे. प्रत्येक गटाला एक कार्डशीट आणि एक स्केचपेन. विषय 'पाण्याचे महत्त्व', वेळ दहा मिनिटं. ज्या मुलीचं अक्षर चांगलं, तिच्याकडे स्केचपेन जातो. तिच्या शेजारचा हुशार म्हणून गणला गेलेला मुलगा सांगतो, ती लिहिते. तिसरं कुणीतरी पट्टी धरून चौकट आखतं. उरलेले चार जण शेजारच्या गटात काय चाललंय ते बघतात, नाहीतर एकमेकांच्या वहीवर काहीतरी गिरवतात. मग आठही गटप्रमुख एकेक करून फळ्याजवळ येतात आणि तीच यादी वाचतात. पाणी पिण्यासाठी, शेतीसाठी, कारखान्यांसाठी. तिसऱ्या गटापासून कुणी ऐकत नाही. ऐकण्यासारखं काही उरलेलंच नसतं. शेवटी टाळ्या, एक फोटो, आणि निरीक्षण तक्त्यात नोंद: 'विद्यार्थी सहभाग उत्तम'.

आता मोजा. या वर्गात विषयाला धरून एक पूर्ण वाक्य किती मुलं बोलली? गटामागे दोन, फार तर तीन. आणि ती कोणती? नेहमीच्या तासाला ज्यांचा हात वर असतो तीच. म्हणजे बाक वळले, आवाज वाढला, पण बोलण्याची वाटणी होती तशीच राहिली. आमचं तर मत असं की ती बिघडली. समोरासमोरच्या तासात शिक्षक निदान अधूनमधून मागच्या बाकावरच्या मुलीला उठवून विचारतो. गटात तेवढंही होत नाही, कारण तिथे शिक्षकाने आपली जागा गटप्रमुखाला देऊन टाकलेली असते.

असं का होतं ते समजायचं तर यातलं सगळ्यात प्रसिद्ध तंत्र, जिगसॉ, मुळात कशासाठी निघालं ते पाहावं लागेल. जिगसॉ म्हणजे तुकडे जोडून चित्र पुरं करायचं ते कोडं. अमेरिकेतल्या टेक्सास राज्यात ऑस्टिन हे शहर आहे. गोऱ्या आणि काळ्या मुलांच्या शाळा वेगळ्या ठेवणं घटनेला धरून नाही, असा निकाल तिथल्या सर्वोच्च न्यायालयाने १९५४ सालीच दिला होता. पण ऑस्टिनच्या शाळांमध्ये गोरी, काळी आणि मेक्सिकन वंशाची मुलं खऱ्या अर्थाने एका वर्गात यायला १९७१ उजाडलं. आली, आणि मारामाऱ्या सुरू झाल्या. तेव्हा टेक्सास विद्यापीठात शिकवणारे सामाजिक मानसशास्त्रज्ञ एलियट ॲरन्सन यांना बोलावणं गेलं. त्यांनी आणि त्यांच्या विद्यार्थ्यांनी पहिल्यांदा काय केलं, तर वर्गात बसून बघितलं. पाचवी-सहावीचे वर्ग. शिक्षक प्रश्न विचारतो, पाच-सहा मुलं हात उंच करून जागेवरून जवळजवळ उठतात, एकाला संधी मिळते, बाकीचे हिरमुसतात. आणि ज्याला संधी मिळाली त्याचं उत्तर चुकावं, असंच उरलेल्यांना वाटतं. जी मुलं हात वर करतच नाहीत ती खाली बघत बसतात. हा वर्ग ओळखीचा वाटतो की नाही?

यावर त्यांनी जी रचना केली ती अशी. पाच-सहा मुलांचा मिश्र गट. एखाद्या मजकुराचे तेवढेच तुकडे. प्रत्येकाच्या हातात एकच तुकडा. सारखा तुकडा मिळालेली निरनिराळ्या गटांतली मुलं आधी एकत्र बसून तो नीट समजून घेतात, याला तज्ज्ञ गट म्हणतात. मग सगळे आपापल्या मूळ गटात परत येतात आणि आपला तुकडा बाकीच्यांना शिकवतात. शेवटी परीक्षा, ती पूर्ण मजकुरावर आणि ज्याची त्याची वेगळी. यात कळीची गोष्ट एकच: पूर्ण पान कुणाकडेच नाही. मला पुरं चित्र हवं असेल तर शेजाऱ्याचं ऐकल्यावाचून गत्यंतर नाही.

ॲरन्सन यांनी कार्लोस या नावाने एका मुलाची हकिगत लिहून ठेवली आहे. नाव बदललेलं. घरी स्पॅनिश बोलणारा, इंग्रजीत अडखळणारा मुलगा. इतके दिवस वर्गात गप्प बसून त्याने आपली सुटका करून घेतली होती, आणि शिक्षकही दयेपोटी त्याला विचारत नव्हते. त्या दिवशीचा मजकूर होता वृत्तपत्रसम्राट जोसेफ पुलित्झर यांच्या आयुष्याबद्दल, आणि त्यातला एक तुकडा कार्लोसकडे. तो अडखळला, मुलं हसली, टोचून बोलली. तिथे लक्ष ठेवणाऱ्या सहायिकेने उपदेश केला नाही. तिने एवढंच सांगितलं की असं बोलून तुम्हाला मजा येत असेल, पण पुलित्झरबद्दल त्याने काही कळणार नाही, आणि तासाभरात परीक्षा आहे. काही दिवसांनी मुलं त्याला नीट प्रश्न विचारायला लागली. चांगुलपणा अचानक उफाळून आला असं समजू नका. माहिती त्याच्याकडे होती आणि ती काढून घ्यायची असेल तर प्रश्न धड विचारावे लागत होते. चांगुलपणा नंतर आला म्हणतात. येऊ शकतो.

आता आपल्याकडची जिगसॉ पद्धत. टाचणात सगळं बरोबर असतं: मूळ गट, तज्ज्ञ गट, वेळेचं नियोजन, सगळं. आणि प्रत्येक मुलासमोर बाकावर पाठ्यपुस्तक उघडं असतं! धडा संपूर्ण त्यात छापलेला आहे. मग शेजारच्या मुलाने अडखळत सांगितलेला तुकडा मी कशाला ऐकू? पान उलटलं की झालं. तुकडा दिला, पण पूर्ण चित्रही दिलं. अशा वर्गात जिगसॉची कवायत होते, मुलं इकडून तिकडे जातात, पण ज्या गरजेवर ती पद्धत उभी आहे ती गरजच शिल्लक नसते. आम्ही हे पाठ निरीक्षणानंतरच्या चर्चेत सांगितलं की उत्तर ठरलेलं: 'पण पुस्तक बंद करायला सांगितलं तर पालक विचारतील.' विचारू द्यात की. पंधरा मिनिटांचा प्रश्न आहे.

थिंक-पेअर-शेअरचं वेगळं नाही. मेरीलँड विद्यापीठातले फ्रँक लायमन यांनी १९८१ च्या सुमारास ही रीत मांडली. आधी एकट्याने विचार, मग जोडीने बोलणं, मग वर्गासमोर मांडणं. हिच्या मागे मेरी बड रो यांचं आधीचं काम उभं आहे. शिक्षक प्रश्न विचारल्यावर उत्तरासाठी सरासरी एखाद सेकंदच थांबतात, असं त्यांना दिसलं होतं. थांबणं तीन सेकंदांवर नेलं की उत्तरं लांबतात, आणि एरवी गप्प बसणारी मुलंही बोलायला लागतात. म्हणजे या सगळ्या पद्धतीचा प्राण आहे ती पहिली शांतता. आणि आपल्याकडे वेळ कमी पडला की पहिली कात्री तिलाच लागते. शांत वर्ग म्हणजे छात्राध्यापकाला वाटतं आपला पाठ पडला. परीक्षक मागे बसलेत, वर्ग 'चालू' दिसला पाहिजे. मग सरळ 'शेजाऱ्याशी बोला'. ज्याच्याकडे उत्तर तयार आहे तो बोलतो, दुसरा मान डोलावतो.

याच्या मुळाशी काय आहे ते स्टॅनफर्डच्या समाजशास्त्रज्ञ एलिझाबेथ कोहेन यांनी फार स्वच्छ मांडलं आहे. गटकार्याबद्दलचं त्यांचं पुस्तक १९८६ चं. त्यांचं म्हणणं असं की मुलं गटात येताना मोकळ्या हातांनी येत नाहीत, बाहेरची प्रतिष्ठा बरोबर घेऊन येतात. वाचन कुणाचं चांगलं, घर कुणाचं मोठं, भाषा कुणाची 'शुद्ध', हे सगळं आधीच ठरलेलं असतं. ज्याची प्रतिष्ठा जास्त तो जास्त बोलतो. जो जास्त बोलतो तो जास्त शिकतो. गट नुसता मोकळा सोडला तर ही दरी रुंदावते. म्हणून रचना लागते. रचना म्हणजे शिस्त किंवा वेळापत्रक असं आपल्याकडे समजतात. खरं म्हणजे ती बोलण्याचा हक्क मुद्दाम फिरवत ठेवायची सोय आहे, एरवी तो फिरत नाही.

आता हे अमेरिकेचं झालं, आपला काय संबंध, असं कुणी म्हणेल. संबंध अगदी थेट आहे. २००९ च्या शिक्षण हक्क कायद्याने खासगी विनाअनुदानित शाळांमध्ये प्रवेशाच्या पहिल्या पायरीला किमान २५ टक्के जागा वंचित आणि दुर्बल घटकांतल्या मुलांसाठी ठेवल्या. महाराष्ट्र सरकारने फेब्रुवारी २०२४ मध्ये नियम बदलून, ज्यांच्या एक किलोमीटरच्या आत सरकारी किंवा अनुदानित शाळा आहे अशा खासगी शाळांना यातून सोडवलं होतं. जुलै २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाने तो बदल रद्द केला. म्हणजे घरकाम करणाऱ्या बाईंची मुलगी आणि त्याच सोसायटीतल्या घरमालकाचा मुलगा एका बाकावर बसू शकतात, यासाठी न्यायालयापर्यंत लढावं लागलं. ऑस्टिनमध्ये होता तोच हा प्रसंग. आणि त्या बाकावर बसल्यानंतर काय, हा प्रश्न कुठल्याही निकालात नाही. ती मुलगी गटात बसली, तर स्केचपेन तिच्या हातात येतो का? अशा वर्गांत आम्ही काय पाहिलं? 'आरटीईची मुलं' असा शब्द शिक्षकच सहज वापरतात, मुलांसमोर. मग गट पाडताना मुलं स्वतःहून पाडतात ते गट कसे असतील हे वेगळं सांगायला नको. 'मैत्रीच्या गटात बसा' ही सूचना अशा वर्गात फार महागात पडते.

डॉ. आंबेडकर शाळेत असताना त्यांना वेगळ्या गोणपाटावर बसावं लागत होतं, हे आपल्याला माहीत आहे. पुढे कोलंबिया विद्यापीठात जॉन ड्यूई त्यांचे शिक्षक झाले, आणि १९३६ च्या त्यांच्या जातिनिर्मूलनावरच्या ग्रंथात ड्यूईंचा विचार ठळक दिसतो: लोकशाही ही राज्यकारभाराच्या आधी एकमेकांसोबत अनुभव वाटून घेत जगण्याची रीत आहे. गटचर्चेची सैद्धांतिक घराणी शोधायला आपण परदेशी पुस्तकं उलगडतो. हे घराणं तर आपल्या कपाटातच आहे.

असो. एक चांगला पाठही सांगतो, नाहीतर आम्ही नुसते खोड काढतो असं व्हायचं. सातारा जिल्ह्यातली शाळा, भूगोलाचा तास, आठवी. प्रश्न फळ्यावर लिहिलेला: 'माणमधल्या मेंढपाळांना वर्षातले कित्येक महिने घर सोडून का जावं लागतं?' पुस्तकं दप्तरात. चौघांचा गट, चार चिठ्ठ्या. एका चिठ्ठीवर नैर्ऋत्य मोसमी वारे कुठून येतात ते. दुसरीवर सह्याद्रीची उंची आणि ढग वर चढल्यावर काय होतं ते. तिसरीवर आकडे: महाबळेश्वरला वर्षाला साडेपाच हजार मिलिमीटरच्या आसपास पाऊस, आणि त्याच जिल्ह्यात शंभरेक किलोमीटरच्या आत असलेल्या माणमध्ये पाचशेच्या आसपास. चौथीवर माणची जमीन, पिकं आणि मेंढपाळी. एकट्या चिठ्ठीने उत्तर निघत नाही. आकडेवाल्या मुलीला आकडे पाठ झाले, पण कारण माहीत नाही. वाऱ्यावाल्याला वारा माहीत आहे, माण माहीत नाही.

चौथी चिठ्ठी एका गटात ज्या मुलाकडे आली त्याच्या घरचीच मेंढरं. वाचन त्याचं बेताचं. चिठ्ठी त्याने अडखळतच वाचली, मग बाजूला ठेवली आणि म्हणाला, 'पाऊस कमी म्हणून नुसतं नाही जात. चारा संपतो. आणि कोकणात भात काढल्यावर शेतात मेंढरं बसवली की शेतकरी धान्य देतो, लेंडीखत होतं म्हणून.' बाकीच्या तिघांनी पेन उचलले. हे चिठ्ठीवर नव्हतंच. आकडेवालीने विचारलं, म्हणजे तिकडे पाऊस जास्त म्हणून चारा आहे, पण मग पावसाळ्यात का नाही जात? त्यावर तो हसला. 'पावसात मेंढरं मरत्यात.' आता उत्तर पर्जन्यछायेपेक्षा बरंच पुढे गेलं. त्या शिक्षिकेने केलेली एक गोष्ट आम्ही मुद्दाम टिपून घेतली. वर्गासमोर गटाचं मांडायची वेळ आली तेव्हा तिने प्रत्येकाला दुसऱ्याची चिठ्ठी सांगायला लावली. मेंढपाळाच्या मुलाचं म्हणणं आकडेवालीला सांगावं लागलं, आणि चुकलं तिथे त्याने तिला दुरुस्त केलं. कोहेन जे म्हणतात, की मागे पडलेल्या मुलाची खरी, कामाची जाण सगळ्यांसमोर आली पाहिजे, ते असं येतं. 'छान, शाबास' म्हणून येत नाही.

मात्र जिगसॉ म्हणजे रामबाण असंही कुणी विकत असेल तर घेऊ नका. ॲरन्सन यांच्या गटाच्या सुरुवातीच्या अभ्यासात काळ्या आणि मेक्सिकन मुलांचे गुण वाढले आणि गोऱ्या मुलांचे घटले नाहीत, असं दिसलं होतं. पण २०२२ साली फ्रान्समधल्या संशोधकांनी सहावीच्या मुलांवर केलेले पाच प्रयोग प्रसिद्ध झाले. त्यात शिकण्यावरचा परिणाम नगण्य निघाला. आम्हाला याचं नवल वाटत नाही. मूल स्वतःचा तुकडा चांगला शिकतं आणि बाकीचे ऐकीव राहतात, ही या पद्धतीची जुनी खोट आहे. सांगणाऱ्याने चुकीचं सांगितलं तर चौघेही चुकीचं शिकतात. एक जण गैरहजर, की चित्राला भोक. म्हणून नवी संकल्पना पहिल्यांदा शिकवायला, गणितातली रीत दाखवायला आम्ही ही पद्धत सुचवणार नाही. तिथे शिक्षकाने सरळ, नीट शिकवावं, आणि 'कथन' हा शब्द टाचणात न लाजता लिहावा. जिथे उत्तराला अनेक बाजू आहेत आणि त्या बाजू वर्गातल्या निरनिराळ्या घरांत राहतात, तिथे तुकडे करा.

अजून एक अडचण आपल्या मराठी वळणाची आहे. शाळेत जाहीर बोलण्याचे आपले संस्कार कुठले? वक्तृत्व स्पर्धा आणि वादविवाद स्पर्धा. दोन्हींत जिंकायचं असतं. न्यायशास्त्राने चर्चेचे तीन प्रकार फार पूर्वी वेगळे केले: सत्य शोधण्यासाठी तो वाद, जिंकण्यासाठी तो जल्प, आणि स्वतःची बाजू न मांडता फक्त दुसऱ्याचं खोडण्यासाठी ती वितंडा. गंमत बघा, रोजच्या मराठीत वितंडवाद टिकला, वाद म्हणजे भांडण झालं, आणि जल्प तर शब्दकोशात गेला, जरी स्पर्धांमधून आपण तोच शिकवतो. गटात 'विरोधी बाजूने बोला' म्हटलं की मुलं आवाज चढवतात ते त्यामुळे. त्यांना दुसरी चाल कुणी दाखवलेलीच नाही.

चॅटमध्ये बरेच प्रश्न आलेत. एक घेतो, कारण तो सगळ्यांचाच आहे: 'साठ मुलं, जोडलेले बाक, पस्तीस मिनिटांचा तास. हे जमवायचं कसं?'

तुकडे दोनच करा. बाक हलवू नका. एका बाकावरच्या दोघांना एकच चिठ्ठी, मागच्या बाकावरच्या दोघांना दुसरी. पहिली तीन मिनिटं कुणीही बोलायचं नाही, ज्याने त्याने वाचायचं आणि वहीत दोन ओळी लिहायच्या. मग बाकावरच्या जोडीने आपली चिठ्ठी समजून घ्यायची, हाच तुमचा तज्ज्ञ गट. मग पुढच्या बाकाने मागे वळायचं. चौघे झाले. प्रश्न असा निवडा की दोन्ही चिठ्ठ्या लागतील. एवढं एक नीट झालं तर बाकीचं सांभाळून घेता येतं. एकाच चिठ्ठीवर दोघे असल्याने एखादा गैरहजर असला तरी अडत नाही. गटप्रमुख नेमू नका, कोण मांडणार ते अगदी शेवटी हजेरीच्या क्रमांकाने ठरवा, म्हणजे कुणालाही गाफील राहता येणार नाही. मांडणाऱ्याने समोरच्या बाकाची चिठ्ठी सांगायची, स्वतःची नाही. साठ मुलांतून तीन-चार गटांचंच ऐका, पंधराच्या पंधरा गटांचं ऐकायची गरज नाही. झेरॉक्सचा खर्च नको असेल तर दोन्ही मजकूर फळ्यावर लिहू नका, कारण मग ते सगळ्यांनाच दिसतात. आदल्या दिवशी चार मुलांना चिठ्ठ्या हाताने उतरवायला सांगा, अक्षर कसंही असलं तरी चालेल. आणि कुठल्या मुलांना सांगायचं ते मात्र तुम्ही ठरवा.

पुढचा प्रश्न घेऊया.